प्रेमाच्या सीनमधला बेंजो

आमच्या घरात एकच माळा आहे. चार फूट बाय दोन फूट. मी मोजलेला आहे. लग्न होऊन लालबागच्या या खोलीत आले तेव्हा त्यावर नवऱ्याचा बेंजो होता आणि सव्वीस वर्षांनंतरही तोच आहे. मधल्या काळात मुलगी झाली, शिकली, नोकरीला लागली. फ्रिज आला, वॉशिंग मशीन आलं. प्रत्येक वस्तूने आपली जागा भांडून मिळवली. बेंजोला कधी भांडावं लागलं नाही.

ज्यांनी बेंजो जवळून पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगते. लांबट लाकडी पेटी, तिच्यावर तारा आणि तारांवर टाईपरायटरसारखी बटणं. डाव्या हाताने बटणं दाबायची, उजव्या हाताने तारा छेडायच्या. नवरा त्यासाठी मुदत संपलेल्या एटीएम कार्डाचा तुकडा वापरतो. स्पीकरची वायर जोडली की आवाज शीवपर्यंत जातो, असं त्याचं म्हणणं. शीवच्या लोकांना मी विचारलेलं नाही.

तो पालिकेच्या ऑफिसात क्लार्क आहे. पण कोणी "काय करता?" विचारलं की आधी "बेंजो पार्टीत असतो" म्हणतो आणि मग आठवल्यासारखं नोकरीचं सांगतो. लग्न ठरवताना त्याच्या मामांनी "मुलगा थोडं वाजवतो" असं सांगितलं होतं. "थोडं" म्हणजे किती, हे मी तेव्हा विचारायला हवं होतं. मी परळच्या एका हॉस्पिटलात सिस्टर आहे. दिवसभर चाळीस खाटांच्या वॉर्डात लोकांना "हळू बोला" सांगायचं आणि संध्याकाळी बेंजोवाल्याच्या घरी यायचं, असं आमचं चाललेलं आहे.

मागच्या वर्षी तुळशीचं लग्न झाल्यावर आमच्याच चाळीत एक हळद होती. खाली चौकात नवऱ्याची पार्टी वाजवत होती. चाळीच्या मागे आता टॉवर आहे. त्यातून एक चाळिशीचा गृहस्थ उतरून आला. अंगात हाफ पँट, पायात घरातल्या सपाता, चेहरा भांडायला आलेल्या माणसाचा.

"आवाज एकतिसाव्या मजल्यावर येतो," तो म्हणाला. मूळचा गिरगावचा होता, त्यामुळे तक्रार शुद्ध मराठीत केली.

"खाली ह्याच्यापेक्षा जास्त येता," आमच्या शेजारच्या काकींनी त्याला समजावलं आणि हातात वडे आणि काळ्या वाटाण्याच्या सांबाऱ्याची ताटली दिली. काकी मालवणकडच्या, सत्तरी ओलांडलेल्या. आमच्या आणि त्यांच्या खोलीत एक लाकडी पार्टिशन आहे. त्यांच्या ताटलीला नाही म्हणणारा माणूस अजून टॉवरात राहायला आलेला नाही.

गृहस्थाने उभ्याउभ्या पाच वडे खाल्ले. सहाव्याला तो थांबला, बेंजोकडे बघितलं आणि मोबाईल काढून रेकॉर्ड करायला लागला. आम्हाला वाटलं पोलिसांसाठी. निघाला संगीतकार. एका लव्ह स्टोरीवाल्या पिक्चरचं संगीत करत होता आणि ती लव्ह स्टोरी लालबागमध्येच घडत होती. म्हणजे ज्या आवाजाची तक्रार करायला आला होता, तोच त्याला हवा होता.

दोन दिवसांनी तो आमच्या पलंगावर बसून नवऱ्याला समजावत होता. गाणी तयार होती, आता पार्श्वसंगीत करायचं होतं. नायिकेची म्हणून एक धून होती. ती पिक्चरभर पाच वेळा येणार होती. आधी बासरीवर, मग व्हायोलिनवर, एकदा पियानोवर, एकदा नुसती गुणगुणलेली. आणि दोघांचं भांडण मिटतं तेव्हा बेंजोवर.

"समोरासमोर दोन चाळी आहेत. तो या गॅलरीत, ती त्या गॅलरीत. कोणी बोलत नाही. नुसते बघतात."

"किती वेळ?" नवऱ्याने विचारलं.

"एकोणीस सेकंद."

"एकोणीस सेकंद नुसते बघतात?" मी विचारलं. आमच्या गॅलरीतून समोर कोणी सहा सेकंद बघितलं तर तिकडून "काय पाहिजे?" अशी विचारणा होते.

"आणि बेंजो हळू हवा," संगीतकार म्हणाला.

"हळू म्हणजे?" नवऱ्याने विचारलं. ही चेष्टा नव्हती. बेंजो हळू वाजवायचा असतो हे त्याला खरोखरच कोणी सांगितलं नव्हतं.

हळू म्हणजे मिनिटाला साठ ठोके. हे ऐकल्यावर मला विषय कळला. साठ म्हणजे गाढ झोपलेल्या पेशंटची नाडी. मिरवणुकीतला बेंजो एकशेचाळीसच्या पुढे असतो. एवढी नाडी लागली तर मी डॉक्टरांना बोलावते.

पंधरा दिवस सराव झाला. मुलीने फोनवर टिकटिक करणारं ॲप घालून दिलं. "त्याचा आवाज फार बारीक आहे, येतच नाही," म्हणून नवऱ्याने ते बाजूला ठेवलं. मग माझं मनगट धरून माझ्या नाडीवर ठेका पकडायचा प्रयत्न केला.

"तुझी नाडी फास्ट आहे," तो म्हणाला.

"दिवसभर वॉर्ड, मग स्वयंपाक, मग तुमचा बेंजो. साठ कुठून आणू?"

धून चार ओळींची होती. पहिल्या ओळीला प्रेम असायचं, दुसरीला वरात निघायची, तिसरीला विसर्जन व्हायचं. चौथीला पार्टिशनपलीकडून काकी "मोरया!" म्हणायच्या. शेवटी मीच पोळ्या झाल्यावर त्याच्या मागे उभी राहायला लागले. हातातल्या घड्याळाचा सेकंदकाटा बघून एका बोटाने त्याच्या खांद्यावर ठेका द्यायचा, बस्स. इतकी वर्षं नाड्या मोजल्या आहेत, साठ मला घड्याळाशिवायही येतात. त्या बोटाखाली तो बरोबर चालला.

रेकॉर्डिंग दादरला एका तळघरात होतं. मी बोटासकट गेले. काचेच्या आत आम्ही दोघं, काचेबाहेर संगीतकार आणि रेकॉर्डिंग करणाऱ्या एक बाई. नवऱ्याच्या कानावर हेडफोन चढवले. त्यात ठेका येतो म्हणे.

"वाढवा जरा," नवरा म्हणाला. त्यांनी वाढवला. "अजून." अजून वाढवला. शेवटी तो ठेका हेडफोनमधून फुटून मलाच ऐकू यायला लागला, तेव्हा बाईंनी हात टेकले आणि मी बोट टेकलं.

तिसऱ्या वेळी बाईंनी थांबवलं. "दादा, मध्ये टक् असा आवाज येतोय. सुराच्या आधी."

मला माहीत होता तो टक्. डावीकडून पाचवं बटण. त्याची स्प्रिंग कधीची गंजली आहे. दाबलं की आधी टक् होतं आणि मग सूर येतो. घरात तो मला इतका पाठ आहे की मी पोळी त्याच्यावर उलटते.

"कुठला टक्?" नवरा म्हणाला. "काही येत नाही. तुमचं मशीन बघा."

बाईंनी मशीन बघितलं. मशीनला काही झालं नव्हतं. मी पर्समधून ड्रेसिंगची चिकटपट्टी काढून बटणाखाली लावली, तर बटणच वर येईना. एकूण अकरा वेळा वाजवून झालं. शेवटी संगीतकार म्हणाला, "राहू दे तो टक्. समोरच्या चाळीत कोणीतरी कडी काढल्यासारखं वाटतं." मग जाताना मात्र नवऱ्याला म्हणाला, "दादा, मस्त झालंय. पण शेवटी काय ठेवायचं ते डायरेक्टर ठरवतो. कधीकधी ऐनवेळी कॉम्प्युटरवरचा बेंजो टाकतात. मनाला लावून घेऊ नका."

नवऱ्याने मनाला लावून घेतलं. चाळीत मात्र आपला बेंजो पिक्चरमध्ये आहे असं सगळ्यांना सांगून टाकलं.

मे महिन्यात काळाचौकीहून पार्टीचा मालक घरी आला. तो स्वतः ताशा वाजवतो आणि नवऱ्याला दादा म्हणतो. त्या दिवशी मी मसाल्याच्या बरण्या भरत होते. वर्षाचा मसाला आमच्याकडे मेमध्येच कुटून आणतात आणि मग वर्षभर त्या सहा बरण्या पलंगाखाली असतात, रोज वाकून सरकवाव्या लागतात. चहा पिऊन झाला तरी मालक मुद्द्यावर येईना. शेवटी बरण्यांकडे बघत बोलला.

"दादा, या वर्षी गणपतीत तुम्ही गाडीवर बसा. मार्गदर्शन करा."

"कोणाला?"

"सगळ्यांना. म्हणजे, बेंजो दुसऱ्याला देऊ. तुमची एंट्री चुकते, दादा. आम्ही थांबतो, तुम्ही वाजवतच राहता. मागच्या वर्षी पब्लिकने शूटिंग केलंय. आम्ही सगळे गप्प उभे आणि तुम्ही एकटेच."

नवरा उठून गॅलरीत गेला. गॅलरीत नेहमीची माणसं होती, आणि तो त्यांच्यासमोर म्हणाला, "पिक्चरमध्ये माझा बेंजो असेल तर मिरवणुकीत मीच वाजवणार. नसेल तर हा बेंजो खाली उतरवून तुझ्या हातात देतो आणि परत नाव काढणार नाही."

"डन," मालक म्हणाला. चाळीत असं काही बोललं की ते मागे घेता येत नाही, पन्नास लोक आठवण करून द्यायला असतात.

खरं सांगायचं तर त्या संध्याकाळी मी स्टुलावर चढून माळ्याला टेप लावली. सहा बरण्या एका रांगेत बसत होत्या. वर दोन बोटं जागा उरत होती.

जूनमध्ये पिक्चर लागला. पहिल्या रविवारी दुपारच्या खेळाला चाळीतले बत्तीस जण गेलो. मुलीने दोन अख्ख्या रांगा बुक केल्या होत्या. नवरा इस्त्रीचा शर्ट घालून मधोमध. त्याच्या एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला ताशेवाला मालक, निकाल ऐकायला आलेला. नवऱ्याने सगळ्यांना आधीच बजावलं होतं, "इंटरव्हलनंतर. दोघं गॅलरीत येतात तेव्हा. लक्ष ठेवा."

लक्ष ठेवलं, हाच घोटाळा झाला. इंटरव्हलनंतर नायक गॅलरीत आला तेव्हाच मागच्या रांगेत कुजबुज सुरू झाली. समोरच्या गॅलरीत नायिका आली, डोळ्यांत पाणी. आणि काकी उभ्या राहून ओरडल्या, "इलो! इलो रे बेंजो!"

बेंजो अजून आलेला नव्हता. पण मालकाने शिट्टी मारली. मागच्यांनी टाळ्या धरल्या. कोणीतरी पुढच्या खुर्चीच्या पाठीवर ठेका धरला, सवयीप्रमाणे एकशेचाळीसचा, आणि आमच्या चाळीत ठेका धरला की बसून राहायची पद्धत नाही. चौघी जणी खुर्च्यांच्या मधल्या वाटेत उतरल्या. पडद्यावर नायिका रडत होती आणि खाली फुगडी सुरू होती. पुढच्या रांगेतला एक माणूस वळून "अरे काय चाललंय काय?" असं म्हणाला, त्याला काकींनी पेढा दिला. टॉर्च घेऊन थिएटरचा माणूस धावत आला तोपर्यंत पडद्यावर तिसराच सीन चालू होता.

"एक नंबर, दादा!" सगळे म्हणाले.

"ऐकलंत?" नवऱ्याने विचारलं.

सगळे एकमेकांकडे बघायला लागले.

"गो बाय, माका तर कायच आयकाक येवक नाय," काकी मला म्हणाल्या. "सगळी बोंबलत होती मगे!" त्यांच्या हातात पेढ्याचा डबा होता आणि चेहऱ्यावर कसलाही अपराध नव्हता.

मालक बाहेर पडताना म्हणाला, "दादा, तसं म्हटलं तर आपलं फायनल झालं नाही."

मुलीने संगीतकाराला मेसेज करून विचारलं. त्याचं उत्तर आलं, "दादाच आहेत!" आणि पुढे जोडलेल्या हातांची पाच चित्रं. नवऱ्याने ते बघितलं आणि फोन परत दिला. "असे हात तो वॉचमनलापण पाठवतो," तो म्हणाला. "मी स्वतः ऐकेन तेव्हा खरं."

म्हणून मंगळवारी, माझ्या सुट्टीच्या दिवशी, त्याने अर्धी रजा टाकली आणि आम्ही दोघंच दादरला बारा वाजताच्या खेळाला गेलो. कोणाला सांगितलं नाही. चाळीतून पिशवी घेऊन निघालो, भाजीला जातो अशा थाटात. थिएटरात आम्हाला धरून अकरा माणसं होती, त्यांतली दोन झोपलेली.

पिक्चर शांतपणे बघितला तर बरा होता. बासरी आली, व्हायोलिन आलं. पियानोच्या वेळी नवरा खुर्चीत पुढे सरकला. इंटरव्हलमध्ये त्याने काही खाल्लं नाही, हे मी नोंदवून ठेवलं. नंतर गॅलरी आली. तो आला, ती आली. आणि अंधारात नवऱ्याने माझं मनगट धरलं.

आता लग्नाला सव्वीस वर्षं झालेल्या बाईला प्रेमाच्या सीनमध्ये नवऱ्याने हात धरला तर काय वाटायचं ते वाटू शकतं. मला वाटायच्या आत लक्षात आलं की तो नाडी शोधतोय. मी त्याचा हात सोडवला आणि त्याच्या खांद्यावर बोट ठेवलं.

बेंजो सुरू झाला. साठचा ठेका, एक ठोकाही इकडेतिकडे नाही. पहिली ओळ झाली, दुसरी सुरू झाली आणि टक्. मग सूर. तिसऱ्या ओळीत परत टक्. चौथीत एकदा. एवढ्या मोठ्या थिएटरात, चहूबाजूंच्या स्पीकरमधून, आमच्या माळ्यावरचं डावीकडून पाचवं बटण.

मी नवऱ्याकडे बघितलं. तो मागे टेकून बसला होता, एखादा रिपोर्ट वाचून झाल्यासारखा.

"माझा नाही," तो म्हणाला.

"काय?"

"कॉम्प्युटरचा आहे. साफ आहे एकदम. माझा असता तर तो टक् असता ना? तुम्ही सगळे टक् टक् म्हणून माझ्या मागे लागला होतात. यात कुठे आहे?"

पडद्यावर दोघं अजून बघत होते. माझ्या डोळ्यांसमोर सहा बरण्या एका रांगेत उभ्या राहिल्या. मला काहीही करायचं नव्हतं, नुसतं गप्प बसायचं होतं. घरी जाऊन तो बेंजो उतरवणार होता, मालकाच्या हातात देणार होता, आणि मी कपाळावर आठी न पाडता माळा पुसून घेणार होते. खोटंसुद्धा बोलावं लागणार नव्हतं.

पण वॉर्डात इतकी वर्षं काढल्यावर एक खोड लागते. समोर लक्षण दिसलं की ते बघितलं नाही असं करता येत नाही. ॲपचा बारीक आवाज. हेडफोनचं "अजून वाढवा". मिरवणुकीत सगळे थांबले तरी एकटाच वाजवणारा माणूस. हे सगळं मी सुटंसुटं बघत होते आणि एकत्र लावत नव्हते. पेशंट परका असता तर मी ते पहिल्या दिवशी लावलं असतं.

"टक् आला," मी म्हटलं. "तीनदा आला. बेंजो तुमचाच आहे."

"मला नाही आला."

"तेच सांगतेय."

त्याला कळायला बहुतेक एकोणीस सेकंद लागले. मग तो म्हणाला, "माझे कान ठणठणीत आहेत."

"ठीक आहे."

"तू मला बरं वाटावं म्हणून सांगतेयस."

"मी कधी सांगितलंय का असं काही?"

हे त्याला पटलं, पण त्याने तसं दाखवलं नाही. दादर ते लालबाग तो बसमध्ये माझ्या पुढच्या सीटवर बसला.

घरी आल्यावर मी त्याला भिंतीकडे तोंड करून पलंगावर बसवलं. मुलगी त्या दिवशी घरूनच काम करत होती, तिला बोलावलं. बेंजो खाली उतरवला, मांडीवर घेतला आणि तारेला हात न लावता ते पाचवं बटण दाबायला लागले. दाबून सोडलं, दाबून सोडलं.

"किती झाले?" मी विचारलं.

"सुरू कर आधी," नवरा म्हणाला.

"बाबा, अकरा झाले," मुलगी म्हणाली.

"तुम्ही दोघी एक आहात."

तेवढ्यात पार्टिशनच्या पलीकडून काकींचा आवाज आला, "अकरा नाय गो, बारा! एक तुझ्या धुवेन सोडल्यान!" लेकीने एक सोडला, ही काकींची तक्रार खरी होती. मीही अकराच मोजले होते.

नवऱ्याने भिंतीकडे बघतच विचारलं, "काकी, तुम्हाला भिंतीपलीकडून येतो?"

"पंचवीस वर्षां येता," काकी म्हणाल्या. "मी समजलंय, तूच मुद्दाम वाजवतस."

दुसऱ्या दिवशी सकाळी तो माझ्याबरोबर हॉस्पिटलात आला. कान तपासायची खोली म्हणजे हुबेहूब ते दादरचं तळघर. काच, काचेपलीकडे एक बाई, कानावर हेडफोन. आवाज आला की बटण दाबायचं. मी बाहेरून बघत होते. जाड आवाजांना तो टपाटप बटण दाबत होता, मिरवणुकीच्या वेगाने. बारीक आवाज सुरू झाले आणि त्याचं बोट बटणावर नुसतं ठेवलेलं राहिलं. काचेपलीकडच्या बाई आवाज वाढवत होत्या. तो माझ्याकडे बघून भुवयांनी विचारत होता, "सुरू झालं का?"

कागदावरची रेघ डावीकडून सरळ निघाली आणि उजवीकडे घसरगुंडीसारखी खाली गेली. डॉक्टरांनी विचारलं, "कारखान्यात काम करता का?"

"नाही. पालिकेत. क्लार्क."

"मोठ्या आवाजात काही असतं का?"

"बेंजो पार्टीत असतो," नवरा म्हणाला. "तीस वर्षं ताशाच्या पुढ्यात उभा आहे." आयुष्यात पहिल्यांदाच त्याने नोकरी आधी सांगितली होती.

कानातलं यंत्र मिळेपर्यंत जुलै उजाडला. ते लावून नवरा हॉस्पिटलच्या दारात आला आणि तिथेच उभा राहिला. "हे लोक नेहमीच इतके ओरडतात?" त्याने विचारलं. मी म्हटलं, हो. ऑगस्टमध्ये पिक्चर मोबाईलवर आला. मुलीने तो टीव्हीला जोडून दिला. मालकाला निरोप पाठवला होता. तो आणि काकी पलंगावर, आम्ही तिघं खाली. काकींच्या हातात मी विणायची लोकर दिली होती आणि सांगितलं होतं की तोंड उघडलं तर बाहेर. वॉर्डात मी नातेवाइकांना याच आवाजात सांगते, ते चालतं.

गॅलरी आली. बेंजो सुरू झाला. पहिली ओळ झाली.

टक्.

नवरा दचकला, पाठीत कोणी बोट खुपसल्यासारखा. दुसऱ्या टक्ला त्याने माझ्याकडे बघितलं. तिसऱ्याला त्याचे डोळे भरले असं मुलगी नंतर म्हणाली. मी टीव्हीकडे बघत होते. धून संपल्यावर तो पहिलं वाक्य बोलला ते असं: "शी! काय वाईट वाजतं ते बटण! मला कोणी सांगितलं का नाही?"

काकींनी लोकर खाली ठेवली आणि हात जोडून देवाकडे बघितलं.

"दादा," मालक म्हणाला, "बेंजो तुमचाच. मान्य. पण एंट्रीचं काय?"

त्याचीही सोय मी केली. मिरवणुकीत यंत्र काढून डबीत ठेवायचं, दोन्ही कानांत आवाज अडवणारी बोंडं घालायची आणि नजर ताशेवाल्याच्या उजव्या कोपरावर ठेवायची. कोपर वर गेलं की थांबायचं. पंधरा ऑगस्टच्या सुट्टीला चाळीच्या चौकात पार्टीचा सराव झाला. मी गॅलरीतून बघत होते, कारण माळ्याचा निकाल त्याच्यावर होता. वेग चढत गेला, ताशा कडकडला, मालकाचं कोपर वर गेलं आणि सगळं एका ठोक्यात बंद पडलं. बेंजोसकट. मालक काड्या हवेत धरून तसाच उभा राहिला. वर बघून ओरडला, "वहिनी, काय औषध दिलंत?"

या वर्षी मिरवणुकीत नवराच वाजवत होता. स्प्रिंग बदलायला त्याने दोनदा बेंजो उघडला आणि दोनदा तसाच बंद केला. पिक्चरमध्ये आहे तसा राहू दे, म्हणाला.

बेंजो परत माळ्यावर गेला. सहा बरण्या पलंगाखालीच आहेत. सकाळी डब्याच्या घाईत मी त्या सरकवते तेव्हा तो कानाला हात लावत उठून बसतो आणि म्हणतो, "अगं हळू, किती तो आवाज!" या घरात हे वाक्य सव्वीस वर्षं फक्त मी म्हणत होते.